फ्लोरेन्सची उघड्या बसमधून प्रदक्षिणा, आणि आर्नोकाठची आपली छत्री

कोल्हापुरातून युरोपला जाणाऱ्या बहुतेक सहलींत फ्लोरेन्सच्या वाट्याला जेमतेम अर्धा दिवस येतो. टेकडीवरच्या 'पियाझ्झाले मिकेलांजेलो' या चौकात फोटो, मग गाइडच्या झेंड्यामागून तासभर पायपीट, आणि दुपारी पिसाचा मनोरा गाठायची घाई. ज्यांच्या हाताशी एक-दोन मोकळे दिवस असतात, ते वरून उघडी असलेली दुमजली बस घेतात. आणि संध्याकाळी त्यांची तक्रार ठरलेली असते: बसमधून काही दिसलंच नाही. मोठ्या चर्चचा घुमट लांबून दिसला, सोनारांच्या दुकानांचा जुना पूल जवळून दिसलाच नाही, आणि मायकेलअँजेलोच्या डेव्हिडचा पुतळा दिसला तो नक्कल निघाला.

तक्रार खरी आहे. पण ही बस जुनं शहर दाखवायला निघतच नाही, हे तिकीट काढताना कोणी सांगत नाही. जुन्या फ्लोरेन्समध्ये ती शिरू शकत नाही. गल्ल्या इतक्या अरुंद की समोरून हातगाडी आली तर माणसाला भिंतीला चिकटून उभं राहावं लागतं. त्यात हा सगळा भाग मर्यादित वाहतुकीचा, इटालियन आद्याक्षरांनी 'झेड-टी-एल' म्हणून ओळखला जाणारा. परवाना नसलेली गाडी आत गेली की नाक्यावरचा कॅमेरा नंबर टिपतो. (भाड्याची गाडी घेऊन फिरणाऱ्यांनी हे पक्कं लक्षात ठेवावं. दंडाची नोटीस गाडी देणाऱ्या कंपनीमार्फत काही महिन्यांनी घरी येते, आणि तोवर आपण कुठून शिरलो हेही आठवत नसतं.) महाद्वार रोडवरून दुमजली बस काढायचा विचार आपण करणार नाही, तसंच हे.

मग बस दाखवते काय? ती शहराला बाहेरून वेढा घालते आणि नदीपलीकडच्या टेकडीवर चढते. मंदिरात आपण आधी प्रदक्षिणा घालतो आणि मग गाभाऱ्याशी जातो. फ्लोरेन्स त्याच क्रमाने पाहावं असं माझं ठाम मत आहे. प्रदक्षिणा बसने, गाभारा पायी. आणि कोल्हापूरकराला या प्रदक्षिणेत आणखी एक कारण आहे, आर्नो नदीकाठी ज्यांची छत्री आहे त्या आपल्या छत्रपतींचं, जे बसमधल्या निवेदन ऐकायच्या यंत्रात मराठीत तर नाहीच, पण बहुधा कुठल्याच भाषेत धड सांगितलं जात नाही.

तट गेला, वेशी राहिल्या

१८६५ ते १८७१ या काळात फ्लोरेन्स ही इटलीची राजधानी होती. राजधानी म्हणजे मंत्रालयं, कारकून, सैन्य, घोडागाड्या. जुन्या शहराला हे पेलणारं नव्हतं. जुझेप्पे पोज्जी या वास्तुरचनाकाराकडे काम आलं आणि त्याने आर्नो नदीच्या उत्तरेचा मध्ययुगीन तट पाडून त्या जागी झाडांच्या रांगा असलेले रुंद रस्ते आखले. त्यांना 'विआली' म्हणतात. बस धावते ती याच रस्त्यांवरून. म्हणजे वरच्या मजल्यावर बसून तुम्ही तटाच्या पायाच्या रेषेवरून फिरत असता.

तट पाडताना पोज्जीने वेशी मात्र ठेवल्या. तट नाही, दोन्ही बाजूंना काही नाही, आणि रहदारीच्या मधोमध एकटी वेस उभी, असं दृश्य अधूनमधून दिसतं. आपल्याकडे नेमकं उलटं झालं. गंगावेस, रविवार वेस ही नावं तोंडात राहिली, वेशी गेल्या. बिंदू चौकात तटाचा तुकडा अजून दिसतो म्हणून बरं. हे डोक्यात ठेवून बसमध्ये बसलात तर प्रत्येक वेस आल्यावर मान आपोआप वळते.

लिबेर्ता चौकात सान गाल्लो वेस दिसते आणि तिच्यासमोर अठराव्या शतकातली विजयकमान. पुढे रस्त्याच्या मधोमध झाडांनी भरलेला एक लंबगोल उंचवटा लागतो, दोन्ही बाजूंनी गाड्या वाहतात. ते इंग्रजांचं जुनं कबरस्तान, १८२७ सालचं. तेव्हा ते तटाला लागून बाहेर होतं. तट गेला, रस्ता दोन्ही अंगांनी फिरला आणि कबरस्तानाचं बेट झालं. इंग्रजी कवयित्री एलिझाबेथ बॅरेट ब्राउनिंग हिची कबर इथेच. पायी जाताना रस्त्यावरून फारसं काही कळत नाही. बसच्या वरच्या मजल्यावरून मात्र कठड्याच्या आतले सायप्रस आणि पांढऱ्या संगमरवरी कबरी दिसतात. उघड्या बसचे पैसे वसूल होतात ते अशा ठिकाणी. त्यानंतर बेक्कारिया चौकातली क्रोचे वेस. नदीकाठी सान निक्कोलोची वेस सगळ्यांत उंच दिसते, कारण इतर वेशींची उंची पुढे तोफांच्या भीतीने कमी केली गेली आणि हिची तेवढी पूर्वीची राहिली. दक्षिणेला पोर्ता रोमाना, म्हणजे रोमकडे जाणाऱ्या रस्त्याची वेस, आणि तिच्या बाजूने टेकडीवर चढणारा तटाचा खराखुरा तुकडा. नदीच्या त्या काठच्या तटाला पोज्जीने फारसा हात लावला नाही.

कुठे बसायचं

इटलीत वाहनं रस्त्याच्या उजव्या बाजूने चालतात, म्हणजे बसचं दारही उजवीकडे. यावरून दोन गोष्टी ठरतात आणि त्या माहीत नसल्या की दिवस वाया जातो.

एक, बस शहराभोवती घड्याळाच्या काट्याप्रमाणे फिरत असेल तर जुनं शहर तुमच्या उजव्या हाताला राहतं, देवळातल्यासारखं, आणि थांब्यावर उतरलात की तुम्ही थेट शहराच्या बाजूच्या फुटपाथवर असता. उलट्या दिशेने फिरत असेल तर शहर डावीकडे, आणि उतरल्यावर सहा-आठ पदरी रस्ता सिग्नलवर थांबून ओलांडायचा. वयस्कर मंडळी बरोबर असतील तर हा फरक लहान नाही. दोन, थांबा चुकीच्या बाजूचा पकडण्याची खोड आपल्याला डाव्या बाजूच्या सवयीमुळे लागते. समोरासमोर दोन थांबे असले की आपलं मन हटकून उलटा निवडतं. तिकिटाबरोबर मिळणाऱ्या नकाशावर बाण असतात. बसमध्ये चढण्याआधी एकदा बाणाची दिशा आणि पुढच्या थांब्याचं नाव चालकाला विचारून घ्यावं.

टेकडीच्या चढावर बसायची बाजू यावरूनच निघते. पोर्ता रोमानाकडून वर चढत असाल तर डावीकडे बसा. नदीकाठच्या फेर्रुच्ची चौकाकडून चढत असाल तर उजवीकडे. दोन्ही वेळी शहर खाली त्याच अंगाला उघडतं. या टेकडीच्या रस्त्याची लांबी सुमारे सहा किलोमीटर आहे आणि तोही पोज्जीचाच. वळणं अशी घेतलेली की झाडी संपते, घुमट दिसतो, पुन्हा झाडी येते. फोटो काढणाऱ्यांनी चालत्या बसमधून झूम करायच्या फंदात पडू नये, फोटो हलतो. वर चौकात उतरून शांतपणे काढा.

वरच्या मजल्याची पहिली रांग सगळ्यांना हवी असते. तिथे समोर काच असते आणि तीवर ऊन पडलं की फोटोत चकाकी येते. पाहायला उत्तम, कॅमेऱ्याला वाईट. मधल्या रांगांतली कडेची जागा मला सर्वांत योग्य वाटते. काही बसना पुढच्या अर्ध्या भागावर छत असतं. जुलै-ऑगस्टमध्ये पारा पस्तिशीच्या वर जातो तेव्हा ते छत हवंहवंसं वाटतं. विआलींवरची झाडं जुनी, फांद्या खाली झुकलेल्या. वरच्या मजल्यावर उभं राहायला मनाई आहे ती यामुळे. काठावर कोपर टेकवून हात बाहेर काढून बसायची आपली सवय तिथे महागात पडते. टोपीला दोरी नसेल तर ती हातात धरा.

जिना अरुंद आणि वळणाचा असतो. तो बस थांबलेली असतानाच चढायचा-उतरायचा. आजी-आजोबांचे गुडघे दुखत असतील तर खालचा मजला वाईट नाही, पण टेकडीवरचं दृश्य तिथून निम्मंच दिसतं. अशा वेळी सकाळची पहिली किंवा दुसरी बस घ्यावी. गर्दी नसते, सावकाश वर चढता येतं, आणि एकदा चढलं की पूर्ण फेरी संपेपर्यंत उतरायचंच नाही.

तिकीट, कान आणि वेळ

तिकीट घेताना एकच प्रश्न नीट विचारा: चोवीस तास म्हणजे पहिल्यांदा चढल्यापासून चोवीस तास, की त्या तारखेच्या शेवटच्या बसपर्यंत? दोन्ही प्रकार बाजारात आहेत. पहिला असेल तर ते सकाळी नऊला सुरू करण्यात शहाणपण नाही. दुपारी दोन-अडीचला सुरू करा: पहिल्या दिवशी दुपारची एक पूर्ण फेरी आणि संध्याकाळ टेकडीवर, दुसऱ्या दिवशी सकाळी पुन्हा टेकडी किंवा फिएझोले हे जवळचं डोंगरावरचं गाव. त्याच पैशात दोन वेगळे प्रकाश मिळतात. दुसरा प्रकार असेल तर मात्र पहिली बस गाठा. ऑनलाइन काढलेलं तिकीट कधी कधी छापील तिकिटात बदलून घ्यावं लागतं. मेलमधलं बारीक अक्षर वाचून ठेवा.

प्रकाशाचं सांगायचं तर टेकडीवरचा चौक शहराच्या आग्नेयेला आहे. सकाळी सूर्य तुमच्या पाठीशी असतो, म्हणून घुमटाच्या विटांचा लाल रंग आणि मनोऱ्याचा संगमरवर स्वच्छ दिसतो. संध्याकाळी सूर्य समोरच्या अंगाला उतरतो. आकाश आणि नदी सुंदर, शहर मात्र सावलीसारखं काळं. जूनमध्ये सूर्य मावळायला रात्रीचे नऊ वाजतात, डिसेंबरात पावणेपाचच्या आतच. आणि इथेच सर्वांत जास्त लोक अडकतात. उन्हाळ्यात सूर्यास्त बघून लोक थांब्याकडे वळतात तेव्हा उघड्या बसची शेवटची फेरी निघून गेलेली असते, किंवा आलेली बस भरलेली असते. शेवटच्या बसची वेळ थांब्याच्या पाटीवरून सकाळीच टिपून ठेवा. चुकलीच तर घाबरू नका. शहर बसची १२ आणि १३ क्रमांकाची गाडी टेकडीवर जाते, आणि पायीही पोज्जीने बांधलेल्या उतरत्या वाटांनी, मधल्या कारंज्यांच्या गुहांजवळून, वीसेक मिनिटांत नदीकाठी सान निक्कोलोच्या वेशीपाशी पोचता येतं. गुडघे चांगले असतील तर मी तर हाच उतार सुचवेन. शहर बसचं तिकीट चढताना यंत्रात लावायला विसरू नका. तपासनीस आला तर नुसतं खिशातलं तिकीट चालत नाही.

कानात घालायची यंत्रं जुन्या गोल पिनची असतात. आताच्या फोनबरोबर येणारी चपट्या टोकाची तार तिथे बसत नाही, आणि फुकट मिळणारी तार एका कानाला टिकत नाही. गोल पिनची आपली तार घरून न्या. निवेदन बसच्या जागेनुसार सुरू होतं; कोंडीत बस अडकली की एकतर तेच वाक्य संपून नुसतं संगीत वाजत राहतं, नाहीतर वेस मागे पडल्यावर वेशीची माहिती येते. म्हणून वर जे लिहिलं आहे ते आधी वाचून गेलेलं बरं.

कोंडीच्या वेळा आपल्यासारख्याच: सकाळी आठ ते साडेनऊ, संध्याकाळी साडेपाच ते साडेसात. नव्या ट्राम मार्गांच्या खोदकामाने विआलींवर वळणं पडतात आणि थांबे शंभर-दोनशे मीटर सरकतात. थांब्यावर कागद चिकटवलेला दिसला तर तो वाचा, इटालियनमध्ये असला तरी फोनने भाषांतर करा. आणि 'शोपेरो' हा शब्द पाठ ठेवा. म्हणजे संप. इटलीत तो आधी जाहीर करून होतो, बहुतेकदा शुक्रवारी. त्या दिवशी रेल्वे-बसवर दिवस टांगू नये, पायी फिरायचं ते त्या दिवशी ठेवावं.

फेरीत कुठे उतरायचं? पहिल्या फेरीत कुठेच नाही. पूर्ण वेढा डोळ्यांखालून घाला, मग निवडा. टेकडीवरच्या चौकात ब्राँझचा डेव्हिड आहे तो नक्कल. १८७३ साली नऊ बैलजोड्या लावून तो वर ओढून नेला होता. बहुतेक लोक फोटो काढून तिथूनच परततात. त्यांनी आणखी दहा मिनिटं चढून सान मिनिआतोला जावं. हजार वर्षांपूर्वीचं चर्च, पांढऱ्या-हिरव्या संगमरवराचं नक्षीकाम, गर्दी निम्म्याहून कमी, आणि पायऱ्यांवरून दिसणारं शहर खालच्या चौकापेक्षा सरस. खांदे आणि गुडघे झाकलेले हवेत. एक ओढणी किंवा पंचा पिशवीत ठेवला की प्रश्न मिटतो.

फिएझोलेची फेरी निवडलीत तर ती दुसऱ्या दिवसासाठी. तिथे रोमन काळातलं उघडं नाट्यगृह आहे आणि शहर खाली ताटासारखं दिसतं. शहर बसची ७ क्रमांकाची गाडीही तिथेच जाते, त्यामुळे फक्त फिएझोलेसाठी महागाचं तिकीट काढू नये.

खाण्याचं थोडक्यात. वरच्या मजल्यावर भडंगाची पुडी उघडायची नाही, वाऱ्याने अर्धं मागच्याच्या डोक्यावर जातं. चर्चच्या पायऱ्यांवर डबा उघडला तर दंड होऊ शकतो. बाकावर किंवा बागेत बसा. पाणी नळाचं चालतं, चौकांत भरायची सोय असते, म्हणून बाटली बरोबर ठेवा. शाकाहारी माणसाला रिबोल्लीता (पाव, घेवडा आणि पालेभाजीचं दाट कढण) किंवा टोमॅटो आणि पावाचं पाप्पा आल पोमोदोरो मिळतं. मात्र रस्सा मांसाचा नाही ना हे विचारा. बिस्तेक्का म्हणजे गोमांस, आणि गाड्यावरचं लांप्रेदोत्तो म्हणजे गाईचा कोठा. ज्यांना चालत नाही त्यांनी नावं लक्षात ठेवावीत.

गाभाऱ्यातल्या गोष्टींपैकी एवढंच: ब्रुनेलेस्कीने १४२० ते १४३६ या काळात उभा केलेला घुमट आतून चढायचा असेल तर ४६३ पायऱ्या आहेत, लिफ्ट नाही, आणि वेळ आधी आरक्षित करावी लागते. शेजारचा जॉत्तोचा मनोरा ४१४ पायऱ्यांचा, आणि त्यावरून घुमट फोटोत येतो, जो घुमटावरून येणार नाही. खरा डेव्हिड आकादेमिया संग्रहालयात, आणि मोठं चित्रसंग्रहालय उफ्फीत्सी. दोन्ही सोमवारी बंद. बसचं तिकीट सोमवारचं काढा आणि संग्रहालयं मंगळवारी, म्हणजे एकही दिवस फुकट जात नाही.

१८७० चं फ्लोरेन्स

आता ते दुसरं कारण. कोल्हापूरचे छत्रपती राजाराम महाराज, म्हणजे करवीर गादीवरचे दुसरे राजाराम, १८७० साली इंग्लंडला गेले होते. व्हिक्टोरिया राणीची भेट झाली. परतीच्या वाटेवर ते आजारी पडले आणि ३० नोव्हेंबर १८७० रोजी फ्लोरेन्समध्येच वारले. वय अवघं वीस. राजाराम कॉलेजच्या नावातले राजाराम ते हेच.

ही तारीख पोज्जीच्या कामाशेजारी ठेवून पाहा. महाराज तिथे होते तेव्हा फ्लोरेन्स राजधानी होतं. इटलीच्या सैन्याने रोम घेतल्याला जेमतेम सव्वादोन महिने झाले होते. तट पाडण्याचं आणि विआली बांधण्याचं काम चालू होतं. टेकडीवरचा चौक नुकता आखला जात होता, नक्कल डेव्हिड अजून वर चढला नव्हता. खरा डेव्हिड सिन्योरिया चौकात उघड्यावर उभा होता, तो १८७३ साली आत हलवला. मोठ्या चर्चची आज दिसणारी रंगीत दर्शनी भिंत तेव्हा नव्हतीच. नुसता खडबडीत दगड होता, भिंत १८८७ साली पुरी झाली. म्हणजे आज बस जे दाखवते, ते घडताना त्यांच्या मुक्कामाच्या शहरात होत होतं. विआलीवरून जाताना निवेदक 'राजधानीची पाच-सहा वर्षं' असं पटकन बोलून पुढे सरकतो, तेव्हा आपल्याला मात्र तिथे थांबावंसं वाटतं.

फ्लोरेन्समध्ये तेव्हा दहनाची रीत नव्हती. खास परवानगी काढून, शहराच्या पश्चिमेला जिथे मुन्योने नावाची लहान नदी आर्नोला मिळते तिथे, रात्री अंत्यसंस्कार झाले. संगमावर. प्रयाग चिखलीला पंचगंगेच्या काठी वाढलेल्या माणसाला यापेक्षा जास्त काही समजावून सांगावं लागणार नाही. त्या जागी १८७४ साली छत्री उभी राहिली. तिची रचना मेजर चार्ल्स मँट यांची. हेच मँट आपल्या टाऊन हॉलचे आणि नव्या राजवाड्याचेही वास्तुरचनाकार. छत्रीखालचा अर्धपुतळा चार्ल्स फ्रान्सिस फुलर या इंग्रज शिल्पकाराचा.

उघडी बस तिथे जात नाही. हे आधीच सांगतो, कारण नकाशावर बागेचं नाव दिसलं की लोक बसमध्ये बसून वाट बघत राहतात. सान्ता मारिया नोव्हेल्ला स्थानकाजवळून टी-१ ट्राम घ्या, स्कांदिच्चीकडे जाणारी. बागेच्या नावाचाच थांबा आहे. बागेचं नाव स्थानिक लोक 'काशीने' असं उच्चारतात. अर्थ गोठ्यांची जागा, पण आपल्या कानाला पहिल्यांदा ऐकताना काहीतरी वेगळंच लागतं. उतरल्यावर पश्चिमेकडे, पाण्याच्या वाहत्या दिशेने, आर्नो डाव्या हाताला ठेवून चालायचं. बाग लांबट पट्टीसारखी आहे. दोन-अडीच किलोमीटर, रमतगमत पाऊण तास. वाट सपाट, मोठ्या झाडांची सावली. सायकल भाड्याने घेतली तर दहा-बारा मिनिटं. चालता येत नसेल तर टॅक्सीला 'इंदियानो' एवढंच सांगावं.

मंगळवारी सकाळी बागेत मोठा बाजार भरतो. गंमत आहे, पण शांतपणे जायचं असेल तर दुसरा दिवस निवडा. नोव्हेंबरच्या शेवटच्या रविवारी फ्लोरेन्सची मॅरेथॉन असते. पुण्यतिथीच्या सुमारास जाणाऱ्यांची तारीख नेमकी तिच्याशी भिडते, रस्ते बंद, बसचे मार्ग बदललेले. एक दिवस मागे-पुढे करा. अंधार पडल्यावर या बागेत थांबू नये. दिवेलागणीआधी ट्रामच्या थांब्याकडे परत या. वाटेच्या शेवटच्या टप्प्यात दुकान मिळेलच असं नाही, पाणी बरोबर घ्या.

झाडी संपते आणि समोर लोखंडी कठड्यात छत्री दिसते. बारीक खांब, महिरपी, वर घुमटी. खाली पगडी आणि दागिने ल्यालेला, रंगवलेला तरुण चेहरा. चबुतऱ्यावर चार भाषांत लेख. युरोपातल्या राखाडी-पांढऱ्या पुतळ्यांच्या शहरात रंगीत पुतळा असतोच कुठे, त्यामुळे लांबूनच नजर जाते. टाऊन हॉलच्या बागेत ज्यांचं बालपण गेलं त्यांनी आधी महिरपी निरखून पाहाव्यात, मग चेहरा. मँट यांनी टाऊन हॉलचं काम १८७२ ते १८७६ या काळात केलं, छत्री १८७४ ची. दोन्ही कागदं एकाच मेजावर असावीत असं वाटल्यावाचून राहत नाही.

कठड्याबाहेर फूल ठेवायला कोणी हरकत घेत नाही, पण दिवा, उदबत्ती, कापूर पेटवू नये; कोरड्या पानांचं रान आहे आणि नियमातही ते बसत नाही. संगम बघायला आणखी थोडं पुढे जायचं. उजवीकडून येणारी मुन्योने उन्हाळ्यात अगदीच बारीक असते. शहरात ती दगडी भिंतींमधून वाहते, फोर्तेझ्झा या जुन्या किल्ल्याच्या मागच्या रस्त्याला लागून. बसची फेरी त्या बाजूने गेली असेल तर वरच्या मजल्यावरून ती तुम्ही आधीच पाहिलेली असते, फक्त ही तीच नदी हे तेव्हा माहीत नसतं.

वर, डोक्यावरून, तारांवर तोललेला मोठा पूल जातो. १९७० च्या दशकात बांधला. त्याचं नाव 'पोन्ते आल इंदियानो', म्हणजे त्या भारतीय माणसापाशी असलेला पूल. वाट चुकलात तर कोणालाही 'इंदियानो' विचारा. काही लोक पुलाकडे बोट दाखवतील, काही छत्रीकडे. दोन्ही बोटं एकाच दिशेला असतात.